सामूहिक मनातून पहिलं मन सोडवणारी बाई : गोष्ट अडली आहे, मदत हवी

नदीकाठ | शनिवार, रात्री १०.२०

नमस्कार. दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहितेय. तीन प्रकरणं झाली, चौथ्याशी गाडं अडलंय. इथे डॉक्टर, शिक्षक, शेतकरी सगळेच आहेत म्हणून थेट विचारते.

कथा पुण्यातलीच, पण साठ-सत्तर वर्षांनंतरची. माणसांची मनं एकमेकांना जोडली गेली आहेत. सुरुवात उपचार म्हणून झाली, मग सोय म्हणून, मग सवय म्हणून. या जोडलेल्या मनाला मी 'ओघ' म्हटलंय. ओघात एकाचं दुखलं तर सगळ्यांना थोडं थोडं दुखतं, म्हणून कोणालाच फार दुखत नाही. भांडण नाही, कारण भांडायला समोर कोणी नाही. मी हे जग मुद्दाम वाईट केलेलं नाही.

कल्पना अगदीच हवेतली नाही. २०१३ मध्ये मेंदूसंशोधक मिगेल निकोलेलिस यांच्या गटानं दोन उंदरांचे मेंदू तारांनी जोडून एकाला कळलेलं दुसऱ्यापर्यंत पोचवलं होतं. २०१९ मध्ये वॉशिंग्टन विद्यापीठाच्या संशोधकांनी तीन माणसं अशीच जोडली, तीही कवटी न उघडता. दोघांना पडद्यावरचा सगळा खेळ दिसत होता, तिसऱ्याला अर्धाच. पडणारा ठोकळा फिरवायचा की नाही, हे तिसरा त्या दोघांच्या मेंदूकडून आलेल्या खुणेवर ठरवत होता.

माझी नायिका ओघातून पहिलं मन वेगळं काढते. तिच्याआधी कोणी हे केलेलं नाही. तिला अजून नाव सुचलेलं नाही, 'बाई' म्हणते. मेंदूची सर्जन आहे. चौथ्या प्रकरणात लॉ कॉलेज रोडवरच्या एका जुन्या बंगल्यात, रात्री, ती एका तरुणाचा जोड तोडते. तो डोळे उघडतो आणि म्हणतो, "मी." प्रकरण संपतं.

लिहून झाल्यापासून मला चैन नाही. वाक्य देखणं आहे आणि खोटं आहे.

खोटं का वाटतं, तेही सांगते. आम्ही दोघी जुळ्या. घरात दोघींना मिळून एकच हाक होती. पाचवीत शाळेनं कोणालाही न विचारता एकीला अ तुकडीत टाकलं, एकीला ब. (तुकडी हा शब्द मला तेव्हापासून नीट ऐकवत नाही.) बहीण ब मध्ये गेली. पंधरा दिवस ती वर्गात एक शब्द बोलली नाही. मधल्या सुट्टीत आमच्या वर्गाच्या दाराशी येऊन रडायची, मी आतून बघत राहायचे. त्या पंधरा दिवसांत तिनं काही 'मी' म्हटलं नाही. मग माझ्या कथेतला तरुण एका रात्रीत कसा म्हणेल?

रात्रपाळी | शनिवार, रात्री ११.४५

ताई, मी मेंदूविकाराच्या अतिदक्षता विभागात परिचारिका आहे. तुमच्या बाईंनी जे केलं त्याच्या जवळचं एक ऑपरेशन खरंच होतं. मेंदूच्या दोन अर्ध्यांना जोडणारा जो जाड पट्टा असतो, कॉर्पस कॅलोसम, त्यात वीसेक कोटी तंतू असतात. औषधांना न जुमानणाऱ्या फेफऱ्यात तो कापतात, म्हणजे एका बाजूचं वादळ दुसरीकडे पसरत नाही. १९६२ मध्ये लॉस एंजेलिसला जोसेफ बोगन आणि फिलिप व्होगेल यांनी महायुद्धात जखमी झालेल्या एका छत्रीसैनिकावर हे केलं. पुढे रॉजर स्पेरी यांनी अशाच रुग्णांवर प्रयोग केले आणि १९८१ चं नोबेल त्यांना या कामासाठी मिळालं.

आता तुमच्या उपयोगाचं. हे रुग्ण शुद्धीवर येतात तेव्हा "आम्ही दोन झालो" असं म्हणत नाहीत. त्यांना वेगळं काही वाटतच नाही. वेगळेपण हातांत दिसतं. काहींचा उजवा हात शर्टाचं बटण लावतो आणि डावा काढतो. मायकल गझॅनिगा यांच्या प्रयोगात एका रुग्णाच्या बोलणाऱ्या अर्ध्याला कोंबडीचा पाय दाखवला आणि मुक्या अर्ध्याला बर्फाचं दृश्य. डावा हात मुक्या अर्ध्याच्या ताब्यात असतो, त्यानं समोरच्या चित्रांतून बर्फ उपसायचं फावडं निवडलं. का निवडलंस, तर तोंड म्हणालं, कोंबड्यांचं खुराडं साफ करायला फावडं लागतं. तोंडानं बर्फ पाहिलेलाच नव्हता. पण गप्प बसण्याऐवजी त्यानं कारण रचलं आणि ते त्याला खरं वाटलं.

तेव्हा तुमचा तरुण "मी" म्हणाला तरी बाईंनी त्यावर लगेच विश्वास ठेवू नये. ते "मी" ओघानंच रचून दिलेलं असू शकतं.

सातेरी | रविवार, पहाटे ५.५०

मी मुळशीकडे मधपेट्या ठेवतो. शिक्षण गणेशखिंड रोडवरच्या केंद्रीय मधमाशी संशोधन व प्रशिक्षण संस्थेत घेतलं, संस्था १९६२ पासूनची आहे. एका जिवाचे दोन जीव करणं हे माझं दरवर्षीचं काम, म्हणून लिहितो. मेंदूचं मला काही कळत नाही.

सातेरीची, म्हणजे आपल्या पाळीव देशी माशीची, वसाहत भरली, चौकटी माश्यांनी गच्च झाल्या, की विभाजन करतात. अर्ध्या चौकटी नव्या पेटीत. त्यात अंडी हवीत, मध हवा, पराग हवा आणि अंगावर बसलेल्या माश्या हव्यात. राणी एकीकडेच राहते. दुसऱ्या पेटीला ती नसल्याचं काही तासांत कळतं. पेटीला कान लावा, आवाज बदललेला असतो. एरवीची गुणगुण जाते आणि कोणी तरी हंबरावं तसा सूर येतो. माझे वडील त्याला रडणं म्हणायचे.

मग त्या माश्या कामाला लागतात. एरवी जिची कामकरी माशी झाली असती तसलंच साधं अंडं, पण त्यातल्या अळीला वेगळं खाणं देतात आणि तिची राणी करतात. राणी कुठून बाहेरून येत नाही. अंड्यापासून राणी बाहेर यायला साधारण सोळा दिवस. मग तिचं मीलनाचं उड्डाण, मग ती अंडी घालणार. नवी वसाहत स्वतःच्या पायावर उभी राहायला महिना जातो. त्या महिन्यात मी दर दोन-तीन दिवसांनी जातो आणि शक्यतो पेटी उघडत नाही. बाहेर बसून बघतो. दाराशी पराग घेऊन येतायत का, मुंग्या लागल्या का.

तुमच्या गोष्टीसाठी यातल्या दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात.

नवी पेटी जवळच ठेवली तर हिंडलेल्या माश्या जुन्या जागी परत जातात, कारण त्यांना ती वाट पाठ असते. नव्या पेटीत राहतात त्या कोवळ्या, कधी बाहेर न पडलेल्या. म्हणजे ओघातून कोण सुटेल? सगळ्यात हिंडलेला, शहाणा माणूस सुटेल असं तुम्हाला वाटत असेल. माझ्या अनुभवानं तो संध्याकाळपर्यंत परत गेलेला असेल.

आणि एकच माशी वेगळी काढू नका. कामकरी माशी एकटी ठेवली, खायला-प्यायला सगळं दिलं, तरी ती घोळक्यातल्या माशीपेक्षा लवकर मरते. आपण विभाजन करतो म्हणजे अर्धं पोळं उचलतो. एक माशी उचलून नेणं हे विभाजन नाही.

तुमच्या ओघात भांडण नाही हे मात्र मला पटलं नाही. पोळ्यात असतं. थवा नवं घर शोधतो तेव्हा राणी काही ठरवत नाही. टेहळ्या माश्या आपापली जागा नाचून सांगतात, आणि दुसऱ्या जागेच्या टेहळ्या येऊन त्यांना डोक्यानं ढुशी मारतात. थांब, तुझं नको. मधमाश्यांचे अभ्यासक थॉमस सीली यांनी २०१२ मध्ये हे मोजून दाखवलं. ती ढुशी नसती तर दोन सारख्याच चांगल्या जागांत थवा अडकून पडला असता. तुमच्या ओघाला कुठेतरी ढुशी असणारच. बाईंनी ती शोधावी.

टिपरू | रविवार, सकाळी ९.१०

सातेरी काका, 'एक माशी उचलू नका' यावरून माझं आठवलं. मी ढोल पथकात आहे. सराव नदीपात्रात, जूनपासून रोज संध्याकाळी. चाळीस-पन्नास ढोल एकदम सुरू झाले की अर्ध्या तासानं आपलं असं काही राहत नाही. ताशानं हात बदलला की आपला हात आपल्याला कळायच्या आत बदललेला असतो. ते सुख आहे, खोटं कशाला बोलू.

मागच्या वर्षी ऐन मिरवणुकीत माझं टिपरू तुटलं. दुसरं हातात येईपर्यंत मिनिटभर मी नुसता उभा, कंबरेला ढोल, हात रिकामे. पहिले काही क्षण कोणी कपडे काढून घेतल्यासारखं झालं. मग मला पथक ऐकू आलं. तीन वर्षं वाजवत होतो, पण आतून फक्त माझा ढोल आणि शेजारचे दोघं ऐकू येतात. सगळं पथक मी त्या मिनिटात पहिल्यांदा ऐकलं.

बाईंच्या तरुणाला सुटल्यावर पहिल्यांदा स्वतःऐवजी ओघच दिसेल, असं मला वाटतं.

नदीकाठ | रविवार, सकाळी ९.४०

टिपरू, हे मी घेणार. विचारूनच घेतेय.

काका, बाईंना आता सर्जन ठेवायचं की नाही हाच प्रश्न पडलाय. महिनाभर पेटीबाहेर बसणारं माणूस हवं आहे मला.

पेठकर | रविवार, दुपारी १.३०

सगळे 'कसं सोडवायचं' बोलत आहेत. सोडवा असं कोणी सांगितलं?

माझं वय ७१. पत्नी जाऊन चार वर्षं झाली. मुलं चांगली आहेत, फोन करतात. पण रात्री दोन वाजता जाग आली की या घरात मी एकटा असतो, आणि ते काय असतं हे या धाग्यावर कोणी लिहिलेलं नाही. तुमचा ओघ उद्या आला तर मी रांगेत पहिला उभा राहीन. तिथे जो तरुण आहे त्याला दुःख नाही, एकटेपण नाही. एक बाई रात्री येऊन त्याला यातून बाहेर ओढते आणि तुम्ही तिला नायिका म्हणता. मला ते अपहरण वाटतं. त्याला विचारलं होतं का?

कारिका | रविवार, दुपारी २.१५

पेठकर साहेब, तुमचा प्रश्न फार जुना आहे. विचारायचं म्हटलं तर कोणाला? जो अजून वेगळा झालेलाच नाही त्याची संमती कशी घेणार?

सांख्यांनी, म्हणजे सांख्य दर्शन मानणाऱ्यांनी, हा वाद वेदान्त्यांशी वेगळ्या अंगानं घातला. मुळात जाणीव एकच असेल, तर एक जन्मला की सगळे जन्मायला हवेत, एक मेला की सगळे मरायला हवेत, एक आंधळा तर सगळे आंधळे. तसं होत नाही, सगळे एकाच वेळी एकाच कामाला लागतही नाहीत, म्हणून पुरुष, म्हणजे जाणणारे, अनेक आहेत. याला पुरुषबहुत्व म्हणतात. त्यांच्या मते कैवल्य, म्हणजे मोक्ष, हे पुरुष आणि प्रकृती (जाणणारा आणि बाकी सगळं) या दोन गोष्टी तोडणं नव्हेच. त्या कधी एक नव्हत्याच, हा विवेक होणं म्हणजे कैवल्य. हे मानलं तर तुमच्या बाई कोणाला काढत नाहीत. तो वेगळा होताच, फक्त त्याला ते दिसतं.

पण कथेतल्या ओघात एकाचं दुखणं खरंच सगळ्यांना दुखतंय. म्हणजे सांख्यांचा आधारच तुम्ही काढून घेतलाय. त्यामुळे पेठकरांचं उत्तर तुम्हाला कथेतच शोधावं लागेल.

रात्रपाळी | रविवार, दुपारी ४.०५

पेठकर काका, तुमच्या रात्री दोनला माझी ड्यूटी असते. उत्तर म्हणून नाही, पण आमच्याकडे काय करतात ते सांगते.

कायमचं काही कापायच्या आधी तात्पुरतं करून बघायची पद्धत आहे. जून वाडा या डॉक्टरांनी १९४९ मध्ये ती मांडली. मानेतल्या रोहिणीतून औषध सोडून मेंदूचा एकच अर्धा काही मिनिटांसाठी झोपवतात. तेवढ्या वेळात उरलेला अर्धा बोलतो का, लक्षात ठेवतो का, हे तपासतात. मग औषध उतरतं आणि सगळं पूर्ववत.

बाईंनी पहिल्यांदा एवढंच करावं. चार मिनिटं सोडवायचं आणि परत ओघात जाऊ द्यायचं. मग त्या चार मिनिटांची आठवण ओघात असेल. त्यानंतर विचारायचं. आता विचारायला कोणीतरी असेल, ज्याला दोन्ही माहीत आहे.

व्हेंटिलेटरवरून सोडवतानाही असंच. अर्धा तास ते दोन तास रुग्णाला स्वतः श्वास घेऊ देतात आणि बघतात. दमला तर मशीन परत लावतात. त्याला कोणी हरला म्हणत नाही, उद्या पुन्हा बघू म्हणतात. आणि तो अर्धा तास मी खाटेजवळून हलत नाही. मला तरी यापेक्षा मोठी कामगिरी कुठली वाटत नाही, पण कथेत ती कंटाळवाणी होईल का ते तुम्ही ठरवा.

पेठकर | रविवार, दुपारी ४.३०

परत जाऊ देणार असतील तर माझा विरोध नाही. त्यानं परत जायचं ठरवलं तर बाईंनी त्याला कमी लेखू नये, एवढं मात्र लिहा.

अनुस्वार | रविवार, संध्याकाळी ६.२०

मी मराठी शिकवते. नदीकाठ, तुझं "मी" खोटं का वाटतं याचं एक उत्तर भाषेत आहे.

आपल्याकडे दोन 'आम्ही' आहेत. 'आपण' म्हणताना ऐकणारा आत असतो, 'आम्ही' म्हणताना तो बाहेर राहतो. "आपण जेवू" म्हटलं की समोरच्याचं पान मांडायचं, "आम्ही जेवू" म्हटलं की त्यानं घरी जायचं. हिंदीत आणि इंग्रजीत हा भेद असा एकेका शब्दात नाही.

ओघात कोणता शब्द असेल? फक्त 'आपण'. 'आम्ही' असूच शकत नाही, कारण ज्याला वगळायचं असा कोणी ऐकणारा बाहेर नाही. म्हणजे ओघ फुटायला लागल्याची पहिली खूण 'मी' ही नाही. बाई समोर बसल्या आहेत, चार मिनिटं चालू आहेत, आणि त्याच्या तोंडून 'आपण' ऐवजी 'आम्ही' निघतं. त्या एका शब्दात त्यानं बाईंना बाहेर ठेवलं. 'मी' अजून फार लांब आहे. पण समोर कोणीतरी वेगळं आहे, हे त्याला कळलं. सातेरी काकांची ढुशी ती हीच.

लहान मुलांकडे बघ. आधी "नको" येतं. मग स्वतःला नावानं हाक मारतात, "चिनूला दे". आरशातलं बाळ आपणच हे दीड-दोन वर्षांच्या सुमाराला कळतं. 'मी' सगळ्यात शेवटी सरळ होतं.

'आपण' हा शब्द 'आत्मन्' पासून आला आहे, प्राकृतातून. ज्या शब्दात सगळे मावतात त्याच्या पोटात 'स्वतः' आहे. हे मला वर्गात सांगताना दरवेळी भरून येतं, मुलं बघत राहतात.

आणखी एक. तू 'तोडते' लिहिलंस त्यावरून. आई मुलाचं अंगावरचं तोडते तेव्हाही आपण तोडणंच म्हणतो, आणि ते काही एका रात्रीत होत नाही. शब्द ठेव, फक्त त्याचा वेग बदल. 'विलगीकरण' मात्र नको. २०२० नंतर तो शब्द वाचला की खाटा आणि पत्रे दिसतात.

सातेरी | रविवार, संध्याकाळी ६.५०

अनुस्वार ताई, फार छान. +१

वहिवाट | रविवार, रात्री ९.००

मी आयुष्यभर एका वकिलांकडे दस्त लिहिले. वाटणीपत्रं शेकड्यानं लिहिली असतील. चूल वेगळी करणं हे पुण्याच्या पेठांत मी जवळून पाहिलंय, त्यावरून चार शब्द.

लोकांना वाटतं वाटणी म्हणजे भिंत. भिंत सोपी. गवंडी दोन दिवसांत घालतो. कसब्यातल्या एका वाड्याच्या वाटणीत आम्ही भिंतीवर अर्धं पानही खर्चलं नाही. सहा पानं गेली ती ज्याची वाटणी होत नाही त्यावर. आड एक. जिना एक. दिंडी दरवाजा एक. मागच्या बोळातून मैला-पाणी जायची वाट एक. या सगळ्यापुढे आम्ही 'सामाईक' लिहितो, आणि कोणाला कशी वहिवाट राहील ते तपशिलानं लिहितो. आड कोणी बुजवायचा नाही. उपसायचा खर्च निम्मा-निम्मा. जिन्यात सामान ठेवायचं नाही. धाकट्याच्या घरात मयत झालं तर ते थोरल्याच्या अंगणातून न्यायला हरकत घ्यायची नाही. हो, हेही लिहावं लागतं. न लिहिलेलं असेल तर त्या दिवशी भांडण होतं.

देव वाटतात तेव्हा मात्र लिहिणाऱ्याचाही हात थांबतो. बाळकृष्ण एकाकडे, अन्नपूर्णा दुसरीकडे, टाक थोरल्याकडे. त्या वाड्यात धाकट्या सूनबाई म्हणाल्या होत्या, देव तुम्ही ठेवा, पण दिवा लावायला मी रोज येईन, तेवढं कागदावर घ्या. घेतलं. भिंत झाल्यावर पंधरा वर्षं त्या संध्याकाळी जिन्यानं वर जात होत्या. दोन भाऊ एकमेकांशी बोलत नव्हते तेव्हासुद्धा.

तुमच्या बाई मन वेगळं करणार म्हणजे आठवणींची वाटणी करणार. हजार माणसांनी मिळून जगलेला पाऊस कोणाच्या वाट्याला? कोणाची तरी आई वारली तेव्हा सगळे रडले, त्यातलं रडणं सुटलेल्या मुलानं बरोबर न्यायचं की ठेवून जायचं? माझ्या मते बाईंचं खरं शोधकाम इथे आहे. जोड कसा तोडायचा हे कोणीतरी शोधलंच असतं. आठवणींत सामाईक काय राहील आणि सुटलेल्याची तिथे वहिवाट कशी राहील, हे ज्यानं पहिल्यांदा लिहून काढलं ते माणूस पहिलं. तुमच्या नायिकेच्या हातात सुरीच्या जागी टाक असू द्या. लिहायचा टाक म्हणतोय मी.

तिसरं वर्ष | रविवार, रात्री ११.१०

मी मानसशास्त्राची विद्यार्थिनी. वहिवाट काकांच्या मुद्द्याला जोडून सांगते. २००१ मध्ये मर्सिडीज शीन, सायमन केम्प आणि डेव्हिड रुबिन यांनी जुळ्या भावंडांवर एक अभ्यास केला होता. दोघांनाही तीच घटना आठवते आणि दोघंही म्हणतात की हे माझ्या बाबतीत झालं, तुझ्या नाही. दोघंही मनापासून सांगत असतात, कोणी खोटं बोलत नसतं. जुळ्यांमध्ये हे बरंच आढळलं. इतर भावंडांत आणि मित्रांतही होतं, पण कमी.

म्हणजे मनं जोडायला तार लागतेच असं नाही. एका खोलीत एकत्र वाढलं तरी आठवणींच्या सातबाऱ्यावर दोन नावं लागतात.

नदीकाठ | मंगळवार, रात्री १२.३०

दोन रात्री बसून चौथं प्रकरण पुन्हा लिहिलं. बाई आता सर्जन नाहीत. वाचा-उपचार करणाऱ्या आहेत, न बोलणाऱ्या मुलांबरोबर तीस वर्षं बसलेल्या. तुकडा इथे देते, निःसंकोच सांगा.

*बाईंनी घड्याळ उपडं ठेवलं. चार मिनिटं त्या मनात मोजायच्या. खोलीत तिघं होते, एकटा कोणीच नको अशी त्यांची अट होती. दार उघडं होतं आणि दारापलीकडे ओघ होता, पाय टाकला की सापडेल इतका जवळ.*

*पहिलं मिनिट तिघांपैकी कोणी हललं नाही. दुसऱ्यात मुलीनं स्वतःच्या तळहाताचा वास घेतला. थोरल्यानं कान झाकले आणि उठून दारातून निघून गेला. त्याला वाट पाठ होती. बाईंनी त्याला थांबवलं नाही, वहीत लिहिलं, 'उद्या पुन्हा विचारावं'.*

*"पाणी हवं का?" बाईंनी विचारलं.*

*मुलीनं धाकट्याकडे पाहिलं. धाकटा रडत होता. कोणाच्या तरी आईसाठी, कधीतरी, सगळ्यांनी मिळून सुरू केलेलं ते रडणं त्याच्याकडे राहून गेलं होतं.*

*"आपल्याला..." मुलगी म्हणाली आणि अडखळली. तिनं बाईंच्या चेहऱ्याकडे बराच वेळ पाहिलं. तिथे तिला काहीच ऐकू येत नव्हतं.*

*"आम्हाला नको," ती म्हणाली.*

*बाईंनी पेला खाली ठेवला. तीस वर्षांत त्यांना कोणी इतक्या स्पष्टपणे बाहेर ठेवलं नव्हतं. त्यांनी वही उघडली, पानाच्या मधोमध एक रेघ ओढली, डावीकडे 'आपण' लिहिलं, उजवीकडे 'आम्ही'. मग रेघेवरच, दोन्हीकडे अर्धं अर्धं येईल असं लिहिलं, 'रडणं : सामाईक'.*

*चार मिनिटं संपली तेव्हा दोघंही परत गेली. त्या रात्री ओघात लाखो लोकांना, कारण न कळता, 'नको' हा शब्द आठवला.*

रात्रपाळी | मंगळवार, रात्री २.१५

ड्यूटीवर वाचलं. थोरल्याला जाऊ दिलंत, बरं वाटलं. एकच सुचवते. मुलगी हाताचा वास घेते ते खरं आहे, दीर्घ बेशुद्धीतून आलेले काही जण तसं करतात, मी पाहिलंय. पण पाणी विचारायच्या आधी बाई काही क्षण गप्प बसतील. आपण पटकन विचारतो ते बहुतेक वेळा आपल्यालाच शांतता सहन होत नाही म्हणून.

पेठकर | मंगळवार, सकाळी ७.००

थोरला मीच आहे. पुढच्या प्रकरणात त्याला पुन्हा विचारलं जाईल ना, ते वाचायला थांबतो.

दुसरी तुकडी | मंगळवार, रात्री ९.४०

पहिलाच प्रतिसाद, इथे आत्ताच नाव नोंदवलं. नदीकाठची बहीण.

अगं, तुकडा वाचला. आवडला, खूप. पण तू सुरुवातीला जे लिहिलंस ते तसं नव्हतं. मी ब मध्ये होते, बरोबर. वर्गात बोलत नव्हते, तेही बरोबर. पण दाराशी येऊन रडत होतीस ती तू. आमच्या वर्गाचं दार हिरवं होतं, खालची एक फळी निघालेली. तू त्या फळीवर बुटाचं टोक घासत उभी राहायचीस. मी आतून बघायचे. उठून तुझ्याकडे यायला मला पंधरा दिवस लागले, ते मला अजून लागतं. चाळीस वर्षं मला वाटत होतं की तुला हे माहीत आहे आणि तू बोलत नाहीस.

नदीकाठ | मंगळवार, रात्री ११.५५

तासभर झाला, तुझा प्रतिसाद समोर आहे.

हिरवं दार मला लख्ख आठवतं. निघालेली फळीसुद्धा. आणि अ तुकडी तर त्या वर्षी सभागृहात लाकडी पडदे लावून बसवली होती. आमच्या वर्गाला दार नव्हतंच.

चौथं प्रकरण आज पाठवत नाही. रविवारी तुझ्याकडे येते, वही घेऊन.